मोयांचा सिंह

चिनी सिंहनाचात शेपटाशी राहणं म्हणजे दिवसभर कापडाखाली वाकून चालणं. ते काम चुलतभाऊ कर्टिसचं. डोकं ऑड्रीचं. मोय घराण्याच्या सिंहाखाली शिरलेली पहिली बाई ती.

आजोबांना हे मुळीच रुचलं नव्हतं. "बाईनं सिंह उचलू नये," एवढंच ते म्हणत. ऑड्रीही काही कमी नव्हती. आठवडाभर ऑफिसात यंत्रमानवांना चालायला शिकवणारी मुलगी. "असलं काही मी मानत नाही, आजोबा," असं तोंडावर सांगायची आणि दर रविवारी तालमीला हजर. ते न मानणं आणि सिंह, दोन्ही सोडवत नव्हतं तिला. शेवटी ठरलं: चिनी नववर्षाला औषधवाल्याच्या गॅलरीला शकुनाचा म्हणून टांगलेला लेट्यूसचा गड्डा पहिल्याच झेपेत तोडला, तर सिंह तिचा. चुकली, तर सिंह कायमचा पेटीत.

सकाळचे अकरा. चिनी वस्तीतल्या ग्रँट अव्हेन्यूवर फटाक्यांचा धूर, पायाखाली लाल कागदाचा खच. आजोबा स्वतः ढोलावर. डोक्याच्या आत सरसाचा नि घामाचा वास, आणि सिंहाच्या तोंडातून दिसेल तेवढाच रस्ता.

कोपऱ्यावर मागे काहीतरी हललं.

"कर्टिस, ठीक आहेस ना?"

उत्तर आलं नाही, पण पावलं जुळत होती. कर्टिस दर दहा पावलांना चुकायचा. आता एकही चुकत नव्हतं.

गड्डा भलताच उंच टांगला होता. ही आजोबांचीच करामत.

ढोल घुमला. तिच्या कमरेचा पट्टा दोन हातांनी धरला. हात गार होते.

ती उडाली.

इतकी उंच ती कधीच गेली नव्हती. गड्डा सिंहाच्या तोंडात आला, पानं उधळली, सारा रस्ता ओरडला. डोकं खाली ठेवून ती बाहेर आली, तर गर्दीतून कर्टिस लंगडत येत होता.

"अगं, बहिरी झालीस का? पाय मुरगळला म्हणून कोपऱ्यावरच बाहेर पडलो मी. हाका मारून घसा बसला."

ऑड्रीनं मागे वळून पाहिलं नाही.

ढोल सोडून आजोबा आले. डोळ्यांत पाणी, मान ताठ.

"हात गार होते?"

"हो."

"वडील सांगायचे मला, सिंहाखाली आपले पूर्वज येतात म्हणून. मला कधी उचललं नाही त्यांनी. तुझ्या बापालाही नाही." त्यांनी तिच्या खांद्यावर थोपटलं. "सिंह तुझा, पोरी. चल, पुढचं दुकान खोळंबलंय."

कर्टिस शेपटाकडे वाकला. आजोबांनी त्याला हलकेच बाजूला केलं.

"तू बस."

ऑड्रीनं डोकं उचललं. मागे जमिनीवर पडलेलं कापड सावकाश वर आलं, आणि वाकलेल्या पाठीइतकं होऊन थांबलं.