दहा आकडे मोजेपर्यंत

विभावरीने देवांशला पहिल्याच फेरीत आडवं केलं, आणि सगळ्या सभागृहात सर्वांत खूश तोच होता. हे तुम्ही वाचलंच नाही असं समजू. अजून काहीही घडलेलं नाही.

अजून तो आखातात, अल नहदा भागातल्या एका टॉवरच्या लिफ्टमध्ये उभा आहे आणि भाकरी फुगत नाही म्हणून फोनवर आईकडे तक्रार करतोय. सातव्या मजल्यावर लाल बॉक्सिंग ग्लोव्हज घातलेली एक मुलगी आत आली. बटण तिने कोपराने दाबलं. भाकरीचं प्रकरण मिटेपर्यंत त्याला आपादमस्तक न्याहाळलं.

"पडता येतं?"

"बहुतेक वेळा न ठरवता."

"चालेल. शनिवारी तालीम. यल्ला, चल!"

विभावरीचे बाबा, अनिलकाका, मराठी मंडळाचे अध्यक्ष. गेल्या वर्षीच्या नाटकात इथे वाढलेल्या मुलांनी मराठीचे जे हाल केले, त्यानंतर काकांनी संवादांवर बंदीच घातली. यंदा शंभर वर्षांपूर्वीचा एक विनोदी मूकपट रंगमंचावर करायचा होता: एका गाजलेल्या बॉक्सिंग सामन्याची टिंगल. दोन्ही वीर एकमेकांना घाबरून पळतात, ठोसे सगळे पंचाला बसतात, आणि शेवटी एक वीर ठोशाच्या नुसत्या वाऱ्याने कोसळतो. जिंकणारी विभावरी, कोसळणारा देवांश, पंच खुद्द काका.

आठ शनिवार अल मनखूलच्या हॉलमध्ये देवांश पडत राहिला. पडला की वर तिचा चेहरा दिसायचा — कपाळावर घाम, ओठांत दाबलेलं हसू… आणि मनातलं सांगायचं सोडून तो 'पुन्हा पडू?' एवढंच विचारायचा. कार्यक्रमाच्या दुसऱ्या दिवशी ती नोकरीसाठी अबुधाबीला चालली होती. म्हणजे खलास.

कार्यक्रमात ठोशाचा वारा आला. देवांश पडला. काका बोटांवर मोजू लागले. विभावरी ठरल्याप्रमाणे त्याच्यावर वाकली, आणि ठरलं नव्हतं ते कुजबुजली.

"मला तू आवडतोस. बाबा मोजतायत… दहाच्या आत सांग."

सहा. सात. आपण मूकपटात आहोत, हे देवांशला आठवलं. आठ. मग ते तो विसरला.

"मला तू लिफ्टपासून आवडतेस," तो उठून बसत म्हणाला — खणखणीत, शेवटच्या रांगेपर्यंत.

काकांची बोटं नवावर थांबली.

"उच्चार बरे आहेत," काका म्हणाले, आणि त्यांनी दहावं बोट उचललं. देवांश आनंदाने पुन्हा आडवा झाला. टाळ्या थांबेनात.

सोमवारी मंडळाकडे रीतसर अर्ज आला:

"प्रति, मा. अध्यक्ष. फेरलढतीसाठी पंच बदलून मिळावेत, ही नम्र विनंती. विद्यमान पंच अर्जदाराचे होणारे सासरे असून अर्जदार त्यांच्या कन्येशी बोलू लागताच ते अद्यापही दहापर्यंत मोजू लागतात."