मुकं पाणी

त्या दुपारी मी नेहमीसारखी बादली घेऊन नदीकडे निघाले, फक्त धुणं सोबत नव्हतं. माझी लूशा तापानं फणफणली होती आणि डॉक्टरनं हात टेकले होते.

सकाळीच शेजारच्या फ्योक्ला मावशीनं दारात गाठलं होतं. "लाकडी पुलाखालचं पाणी आण गं. त्याला जिथून वर काढलं, तिथलं."

त्याला म्हणजे महाराणीच्या मर्जीतल्या त्या बाबाला. सरदारांनी विष घातलं, गोळ्या झाडल्या, तरी मरेना म्हणून बर्फाखाली लोटला, असं सगळं पेत्रोग्राद सांगत होतं. त्याला तर केव्हाच पुरलंही होतं.

"त्या भोंदूचं पाणी माझ्या पोरीला?"

"भोंदू तर भोंदू. राजपुत्राला बरं केलंन ना? पण मुकं पाणी आणायचं हं. जाता-येता अवाक्षर नाही. बोललीस तर पाण्यासोबत आणखी कोण येईल..." मावशीनं छातीवर क्रूस केला.

पुलाखाली बायकांची ही रांग! बादल्या, किटल्या, बाटल्या, आणि सगळ्या गप्प. आम्हा धोबिणींना बर्फातली भोकं रोज पहारीनं फोडावी लागतात, पण हे गोठलंच नव्हतं. काळं पाणी सावकाश वरखाली होत होतं. मी वाकले आणि इतकी वर्षं त्याला शिव्या घालणारी मी, माझे हात आपोआप जोडले गेले.

"चल बाबा," माझ्या तोंडून निघून गेलं. "माझ्या पोरीसाठी घरी चल."

सगळ्या बायका माझ्यापासून दूर सरकल्या.

ते पाणी लूशाला चमच्यानं पाजलं. सकाळी ताप उतरला, तिनं चक्क लापशी मागितली. मी रडत रडत त्याच्या नावानं मेणबत्ती लावली.

तिच्या अंगावरची लाल शाल मात्र दिसेना. छातीवरून फुली घालून पाठीशी दुहेरी गाठ मीच मारली होती. ती तिला सुटतच नाही.

"शाल कुठंय गं?"

"त्या काकांना दिली. किती ओले होते ते, आई... म्हणाले, तुझ्या आईनं बोलावलं."

मी तशीच नदीवर धावले. भोक आता गोठलं होतं, बर्फ काचेसारखा स्वच्छ. त्याखाली लूशाची एवढीशी शाल होती, वर माझी दुहेरी गाठ, जशीच्या तशी. आत कुणीच नव्हतं. तरी ती मोठ्या माणसाच्या पाठीएवढी फुगली होती आणि सावकाश वरखाली होत होती.