जित्या खड्याचं बी

सकाळी अकरा वाजून दहा मिनिटांनी जित्या खड्याच्या खाणीचं तोंड मिटलं. आत चार माणसं होती.

अगदी पूर्ण मिटलं नव्हतं. वीतभर फट उरली होती.

फौजदार हन्ना गावितने फटीच्या कडेवर तळवा ठेवला. खडा कोमट लागला. चोरीच्या तपासासाठी ती साडेदहाला अक्कलकुव्याहून आली होती. आता तपासासकट कोंडली गेली होती.

अख्ख्या सातपुड्यात या एकाच डोंगरात जिता खडा होता. काचेसारखा, आतून उजेड देणारा, आणि वाढणारा. तो श्वासही घ्यायचा.

"फट मिटली तर आतली हवा संध्याकाळपर्यंत ओढून घेईल," शमुवेल म्हणाला. तो खाणीचा तंत्रज्ञ. आठ वर्षं इथेच राहत होता.

"फोडता येणार नाही?"

"नाही ताई. घाव बसला की तिथेच दुप्पट जाड होतो."

हन्नाने ओरडून बाहेरच्या मजुरांना पहारी खाली ठेवायला लावल्या.

चोरी झाली होती ती बियाची. खड्याच्या पोटात, मऊ गाभ्यात, लिंबाएवढं बी असतं. ते पेरलं तिथे नवा खडा उगवतो. सात ते नऊच्या दरम्यान कुणीतरी ते कापून काढलं होतं. त्या वेळी आत तिघेच होते.

"नऊनंतर कोण बाहेर गेलं?"

"कुणीच नाही. पहारेकरी आमशा निघाला होता. तो दाराशी पोचला आणि हे झालं," शमुवेल म्हणाला.

म्हणजे बी आतच होतं. तिने शमुवेलला आणि गिऱ्हाईक म्हणून आलेल्या योगेंद्रला खिसे उलटे करायला लावले होते. पिशव्या झटकल्या होत्या. आमशाला तेवढं सोडलं होतं. हा पहारेकरी काठी गावच्या होळीच्या व्रतात होता. अनवाणी, अंगाला राख, कमरेला सुकलेल्या भोपळ्यांचा पट्टा. व्रतात त्याला बाईचा स्पर्श चालत नव्हता. गेटवरचे पुरुषही या दिवसांत त्याची झडती घेत नसत.

तिसरा योगेंद्र पाटील. तापीकाठचा बागायतदार. खड्याचे आपोआप गळलेले तुकडे विकत घ्यायला महिन्यातून एकदा यायचा. तो लाकडी पेटीवर बसून होता.

"सकाळपासून काय करत होतात, योगेंद्रभाऊ?"

"जरा या कानाशी बोला, मॅडम." त्याने डावा कान पुढे केला. उजव्यात कापसाचा बोळा होता. खडा सारखा गुणगुणतो. सवय नसलेल्याचं डोकं उठतं.

तिने प्रश्न पुन्हा विचारला.

"तुकडे निवडत होतो. मन्हं काय शे यामा? त्या आमशाले इचारा. त्याले कोणीच तपासत नही. आनि हाऊ शमुवेल तर तुमना चर्चना!"

"म्हणून त्याचे खिसे दोनदा बघितले," हन्ना म्हणाली.

हवा जड होत होती. खडा आज, या क्षणीच का मिटला? आठ वर्षांत तो कधी मिटला नव्हता. तिने तिघांना उभं केलं.

"एकेकाने फटीजवळ जायचं. शंभर आकडे मोजायचे आणि परत यायचं."

शमुवेल गेला. काही झालं नाही. योगेंद्र गेला. काही झालं नाही. आमशा गेला, आणि तिसाव्या आकड्याला कडकड आवाज झाला. दोन्ही कडांना कोंब फुटले. हन्नाने ओरडून त्याला मागे बोलावलं. आवाज थांबला.

फट चार बोटं उरली होती.

"सापडला चोर!" योगेंद्र म्हणाला.

आमशा दोन पावलं मागे सरला. "बाई, मी नाय कापला. आज होळी आहे. सांजेला काठीत नाय पोचलो तं व्रत मोडतं माझं."

"आमशादादा, हा पट्टा सकाळी कुठे होता?"

"खिळ्यावर. राख लावायला आतल्या बाजूला गेलो. परत आलो तं खाटेवर."

"तुम्ही ठेवला?"

"नाय! या दिवसांत आम्ही खाटेला शिवत नाय. आमची वस्तू पण नाय. खिळा, नाय तं जमीन."

"खाट कुणाची?"

"माझी," शमुवेल म्हणाला. त्याचा चेहरा उतरला होता.

"दादा, मी हात लावत नाही. भोपळे तुम्हीच बघा."

तिसऱ्या भोपळ्याच्या भोकात कापूस कोंबलेला होता. आमशाने तो ओढून काढला. बी त्याच्या तळहातावर घरंगळलं. त्याच्या उजेडात हाताच्या रेषा दिसल्या.

"खडा माणसांना कोंडत नव्हता," हन्ना म्हणाली. "आपलं बी बाहेर जाऊ देत नव्हता. हे कुणालाच ठाऊक नव्हतं, कारण बी कधी दारापर्यंत गेलंच नव्हतं. चोराचा बेत सोपा होता. व्रतातल्या माणसाला गेटवर कुणी अडवणार नाही. पुढे काठीच्या गर्दीत बी काढून घ्यायचं."

ती खाटेकडे वळली.

"शमुवेल आठ वर्षं आमशादादांबरोबर राहतोय. त्यांचा पट्टा तो खाटेवर ठेवणार नाही. बाहेरच्या माणसाला मात्र, घाईत खिळा सापडला नाही तर, वाटेल, जमिनीवर कसा ठेवायचा, अपमान होईल. तुम्ही मान दिलात, योगेंद्रभाऊ. तिथेच चुकलात."

"हाई काय पुरावा झाया?"

"बी वाजू नये म्हणून कापूस कोंबला. इथे कापूस फक्त तुम्ही वापरता. डाव्या कानातला बोळा कुठे आहे?"

योगेंद्रचा हात आपोआप कानाकडे गेला आणि अर्ध्यावर थांबला.

"एकच पेरनं व्हतं," तो म्हणाला. "मन्हा वावरमा."

शमुवेलने बी नेऊन खड्याच्या जखमेत बसवलं. जखमेच्या कडा हळूहळू त्याच्याभोवती जुळल्या. चौघेही फटीकडे बघत उभे राहिले. चोराला धरायला कुणाची गरज नव्हती. त्याला जायला जागाच नव्हती.

"उन्ह कुठवर आलं, बाई?" आमशाने विचारलं.

हन्नाने फटीला डोळा लावला. "कललंय."

मग तिने बोटं आडवी धरून पाहिली. दुपारी दोन वाजून दहा मिनिटांनी फट चार बोटंच होती. बी परत मिळालं तरी कमी झाली नव्हती, वाढलीही नव्हती.