डिलीट झालेला कांदाबाजार

कॉम्प्युटर दुरुस्तीचं नेहमीचं दुकान उघडं असतं, तर वैष्णवी सारसोळे गावातल्या त्या गल्लीत कधी फिरकलीच नसती. पण स्टेशनजवळचं शटर खाली, ऊन डोक्यावर आणि खांद्यावर कांद्याच्या गोणीत घातलेला सीपीयू... तिचा पारा आधीच चढलेला. त्यात कोपऱ्यावर वळताना ती चहाचे ग्लास घेऊन येणाऱ्या एका तरुणावर आदळली. चहा त्याच्या शर्टावर, ग्लास रस्त्यावर.

"दिसत नाही का?" ती कडाडली. खरं तर आदळली तीच होती.

"दिसतंय ना," तो शर्ट झटकत म्हणाला. "कांदे घरपोच मिळायला लागले, एवढंच माहीत नव्हतं."

"कांदे नाहीत. सीपीयू आहे."

त्यानं गोणीकडे बघितलं, मग तिच्याकडे — आणि हसला. गालाला खळी पडते अशा माणसावर रागावणं बऱ्याच मुलींना अवघड जातं. वैष्णवीला गेलं नाही.

"मग बरोबर आलात," तो म्हणाला आणि पाठीमागच्या पाटीकडे बोट केलं. कुंदन कॉम्प्युटर्स. "मीच कुंदन. काय झालंय पेशंटला?"

झालं होतं असं. ट्रक चालवायचा एक परदेशी गेम होता. नव्या अपडेटनंतर तो सुरूच होईना. काळा पडदा यायचा आणि सगळं बंद. हे तिनं सांगितलं. शुक्रवारी ऐरोलीच्या एका गेम बनवणाऱ्या कंपनीत आपली मुलाखत आहे आणि हाच गेम तिथे चालवून दाखवायचा आहे, हेही सांगितलं. मात्र खरी गोष्ट सांगायची राहून गेली. त्या गेममधलं गोदाम काढून तिथे तिनं वाशीच्या एपीएमसीतला कांदाबाजार उभा केला होता. तिचे वडील शहाजी, म्हणजे तिचे अप्पा, तिथे माथाडी. साताऱ्याहून आले तेव्हापासून पाठीवर गोणी. वैष्णवीनं दोन वर्षं खपून एकेक गाळा, एकेक ट्रक, गोणी वाहणारा एकेक माणूस बनवला होता आणि सगळं गेमच्याच फोल्डरमध्ये ठेवलं होतं.

"उद्या या, टेन्शन नको," कुंदन म्हणाला. "आणि गोणी इथेच राहू द्या. शर्ट पुसायला."

ती न हसता निघाली. वळणावर मात्र तिला हसू आलं, आणि आलं म्हणून स्वतःचाच राग आला.

दुसऱ्या दिवशी गेम मस्त सुरू झाला. ट्रक गोदामाशी थांबला आणि समोरून पिवळं हेल्मेट घातलेले दोन गोरे कामगार आले.

"हे कोण?" वैष्णवीनं विचारलं.

"गेममधले लोक."

"माझा बाजार कुठाय?"

"कुठला बाजार?" कुंदनचं हसू मावळायला लागलं. "फोल्डरमध्ये नको त्या फाईल्स भरल्या होत्या, मॅडम. अपडेटशी त्यांचं जुळत नव्हतं. म्हणून गेम काढला, राहिलेला फोल्डर डिलीट केला, रिसायकल बिन रिकामी केली आणि नव्यानं टाकला. सगळे असंच करतात."

वैष्णवीच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

"नको त्या? तुम्ही ठरवलंत नको त्या? उघडून बघितलंत एक तरी? फोन करायला काय झालं होतं? लोकांच्या घरात शिरून सामान बाहेर फेकायची सवयच आहे का तुला?"

"आणि तू आपलं सामान दुसऱ्याच्या घरात ठेवतेसच का?" तोही उसळला. "गेमच्या फोल्डरमध्ये स्वतःचं काम ठेवतं का कोणी? बॅकअप कुठाय?"

"नाहीये!"

"वा! आणि चूक माझी!"

रागाच्या भरात 'तुम्ही'चं 'तू' झालं, ते दोघांच्याही ध्यानात आलं नाही. आतून कुंदनची आई, शेवंताबाई, ओले हात पुसत बाहेर आली. तिनं पोरीच्या डोळ्यांत साठलेलं पाणी पाहिलं आणि मुलाकडे वळली. "काय केलंस रं हिचं?"

कुंदन माऊस सोडून उभा राहिला. मग हळूच म्हणाला, "विचारायला पाहिजे होतं मी. चुकलंच."

भांडणात समोरचा असा मध्येच शरण आला, की आपल्या रागाचं काय करायचं तेच कळत नाही. वैष्णवीनं तो तसाच धरून ठेवला.

त्यानं पीसी तडक बंद केला, हार्ड डिस्क बाहेर काढली आणि दुसऱ्या मशीनला जोडली. डिलीट केलेली फाईल लगेच पुसली जात नाही, तिच्या जागेवर दुसरं काही लिहिलं जाईपर्यंत ती तिथेच पडून असते. म्हणून या डिस्कवर आता एक अक्षरही लिहायचं नाही, सापडेल ते दुसरीकडे उतरवायचं. ते सगळं त्यानं तिला नीट समजावून सांगितलं. तिनं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "एवढं येतं, तर एक फोन नाही करता आला?"

संध्याकाळपर्यंत ढीगभर फाईल्स परत आल्या. पण नावं सगळ्यांची गेलेली. नुसते आकडे. कुठली गाळ्याची भिंत, कुठली गोणी, काही पत्ता नाही. मग रोज कॉलेज सुटलं की ती दुकानात येऊन बसायची. तो फाईल उघडायचा, ती ओळखायची.

"हे काय? बटाटा?"

"अप्पांचं डोकं आहे ते."

"सॉरी... अप्पांना सांगू नकोस."

आवाजांच्या फाईल्स लागल्या. तराजूची खडखड, ट्रकचा हॉर्न, मग शहाजींची आरोळी — "ए, बाजूला व्हा, बाजूला!" — आणि तिच्या पाठोपाठ वैष्णवीचा चिडका आवाज: "अप्पा, इतक्या जवळून नका ओरडू, माईक फुटेल!"

कुंदननं ती फाईल परत लावली. मग आणखी एकदा.

"कशाला सारखी सारखी?"

"चेक करतोय," तो पडद्याकडे बघतच म्हणाला. "तू नेहमी चिडतेस, की फक्त माझ्यावर?"

"तुझ्यावर जास्त."

"चला... काहीतरी जास्त आहे."

तिनं मान फिरवली. कान तापले होते, तेवढे त्याला दिसू नयेत म्हणून.

बाजार उभा राहिला. गाळे आले, ट्रक आले, माणसंही आली. पण माणसं चालेनात. त्यांच्या चालीच्या फाईल्स होत्या त्या जागेवरच नवा गेम येऊन बसला होता. त्या गेल्या त्या गेल्याच. मुलाखत दोन दिवसांवर, आणि अख्खा कांदाबाजार पुतळ्यांसारखा उभा. वैष्णवीनं कीबोर्ड ढकलून दिला.

"चालच मेन होती! ती नसेल तर तिथे दाखवू काय? कळतंय का तुला काय घालवलंयस ते?"

"कळतंय," कुंदन म्हणाला. "कशी बनवली होतीस?"

"अप्पांचा व्हिडिओ काढून. एकेक फ्रेम बघून, तसेच हातपाय लावून. तो व्हिडिओपण त्याच फोल्डरमध्ये होता, तोही गेला."

"मग परत काढू."

"अप्पांची कंबर धरलीये. गोणी उचलायची नाही सांगितलंय डॉक्टरनं."

कुंदन उठला आणि बाह्या दुमडल्या. "मी आहे की."

शहाजींनी टेम्पोतून एक भरलेली गोणी पाठवून दिली. दुसऱ्या दिवशी सकाळी सारसोळ्याच्या गल्लीत कुंदनच्या पाठीवर ती चढली आणि अर्धं गाव बघायला जमलं.

"सरळ काय उभा राहतोस? वाक!" मोबाईल धरून वैष्णवी ओरडत होती. "गुडघे! माथाडी असा डुलत चालत नाही, लहान पावलं टाकत पळतो. थांबला की ओझं दुप्पट होतं. परत!"

"पन्नास किलो आहे!" तो धापा टाकत ओरडला.

"माझी दोन वर्षं होती! परत!"

शेवंताबाई ओट्यावरून म्हणाली, "घरात पान्याचा हंडा उचलत नाय, नि बग आता!" गाव हसलं. कुंदनचा चेहरा कांद्याच्या सालीसारखा लाल झाला होता, शर्ट ओलाचिंब. पण तो परत पहिल्या जागी गेला. पुन्हा गेला. शेवटच्या खेपेला त्याची पाठ आडवी, पावलं चटचट पडली. अगदी अप्पांसारखी. वैष्णवीनं रेकॉर्डिंग थांबवलं.

"बरं जमलं," ती शक्य तितक्या रुक्षपणे म्हणाली.

त्याच्या मानेवर गोणीचा लाल वळ उठला होता. तिला त्यावर बोट ठेवावंसं वाटलं... तिनं मोबाईल पर्समध्ये टाकला आणि घर गाठलं.

शुक्रवारी दुपारी ती परत आली ती तणतणतच. दुकानात कुंदन एकटा होता. तिनं पिशवी काउंटरवर आपटली.

"कुठे बघत होतास तू?"

"कधी?" तो गोंधळला. "आधी सांग, मुलाखत कशी झाली?"

"गोणी घेऊन पळताना! चार पावलं झाली की तुझी मान मागे वळते. माझा एक माणूसही तसाच वळतो. सगळ्यांचं बघून झालं आणि मुलाखत घेणाऱ्या बाईंनी तेवढंच विचारलं — बाकी सगळं अस्सल आहे, मग हा एकच हमाल सारखा मागे का बघतो? माथाडी ओझं घेऊन मागे बघत नाही, हे मला माहीत नाही का?"

कुंदननं हातातला स्क्रूड्रायव्हर खाली ठेवला. "तू उभी होतीस ना मागे," तो म्हणाला. "तुझ्याकडे बघत होतो. ओझ्याकडे लक्ष दिलं असतं तर तिथेच बसलो असतो मी." मग तिच्याकडे वळून, "पण तू तर एकेक फ्रेम हातानं लावलीस. तुला दिसलंच असणार. बाकीच्यांचं काढलंस, मग... त्या एकाचं का नाही काढून टाकलंस?"

"तेच विचारत आलेय स्वतःला! ऐरोलीपासून इथपर्यंत!" तिचा आवाज चढला आणि चढता चढताच फाटला. "नव्हतं काढायचं मला. एवढं सगळं गेलं माझं, तेवढं एक ठेवायचं होतं. कळलं?"

"कळलं," तो म्हणाला. चेहऱ्यावर हसू नव्हतं, खळीही नव्हती. "त्या बाईंना काय सांगितलंस?"

"सांगितलं... की त्याचं माणूस मागे उभं आहे."

तिनं आपटलेली पिशवी उचलून सरळ ठेवली.

"नोकरी दिली त्यांनी," ती मग पुटपुटली. "सोमवारपासून."

कुंदननं काउंटरवर हात पुढे केला. तिनं त्याच्याकडे रागानं बघितलं, अगदी मनापासून रागानं, आणि आपला हात त्या हातात ठेवला.

"कुंदन्या, कोन आयलंय रं?" आतून शेवंताबाईनं हाक दिली.

"आपलंच मानूस हाय, आये," तो म्हणाला. "चहा टाक."