सात गाठींचं वजन

२०१६ सालचा मार्च, रविवारची सकाळ. हॅनोव्हरमधल्या एका सभागृहात रंगमंचाखाली वजनाचे चार सेन्सर बसवून मालिनी उठली, तेव्हा तिचे गुडघे धुळीने माखले होते. बारा वर्षं यंत्रं तपासणारी ही पुण्याची इंजिनिअर आज शेजारधर्म म्हणून आली होती. चाळीस वर्षांपूर्वी नर्स म्हणून कोरियातून आलेल्या तिच्या शेजारीणबाई, फ्राऊ किम, संध्याकाळी इथे नाचणार होत्या. पण 'जुनी युद्धं उकरू नका' अशी चार पत्रं आली, आणि व्यवस्थापक ब्रांटला अचानक रंगमंचाच्या सुरक्षेचा पुळका आला. इंजिनिअरची सही नसेल तर कार्यक्रम रद्द!

दुसऱ्या महायुद्धात जपानी सैनिकांनी फ्राऊ किमच्या गावातून सात मुली उचलून नेल्या होत्या. त्यांत त्यांची सोळा वर्षांची आत्या होती. एकही परतली नाही. लांब पांढऱ्या कापडाला गाठी मारायच्या आणि नाचता नाचता एकेक सोडवायची, म्हणजे अडकलेला जीव मोकळा होतो, अशी तिकडची रीत.

"करू तालीम सुरू?" फ्राऊ किमनी विचारलं.

लॅपटॉपवर त्यांचं वजन दिसत होतं, सत्तेचाळीस किलो. सुती मोज्यांतली पावलं आवाज न करता सरकू लागली. सात गाठींचं कापड एकदा सपकन झटकलं गेलं आणि पहिली गाठ सुटली.

अठ्ठ्याऐंशी.

मालिनीने वायरी तपासल्या. तोवर दुसरी सुटली. एकशे सत्तावीस. फ्राऊ किम मधोमध होत्या आणि फळी करकरली ती पार कोपऱ्यातली.

"आल्झो, म्हणजे रंगमंचच खराब आहे," ब्रांट म्हणाला. "तसं लिहा आणि विषय संपवा."

मालिनीने आपली सहा किलोची बॅग रंगमंचावर ठेवली. बरोब्बर सहा किलो वाढले. उचलली, सहा कमी झाले.

"सगळं ठणठणीत आहे," ती म्हणाली.

सातवी गाठ सुटली. तीनशे बावीस.

"थांबवा हे!" ब्रांट ओरडला.

आता मात्र मालिनीचं डोकं फिरलं. इतकी वर्षं ज्यांना कुणी मोजलंच नाही, त्या आज मोजल्या जात होत्या, आणि हा म्हणे थांबवा!

"मर्यादा चारशेची आहे," तिने कागदावर सही ठोकली. "सगळ्यांना जागा आहे."

घाम पुसत फ्राऊ किम खाली उतरल्या.

दोनशे पंचाहत्तर.

चांगला नव्वद किलोचा ब्रांट तरातरा वर चढला. मधोमध उभं राहून त्याने बूट आपटले.

"आता? आता किती दाखवतंय?"

मालिनीने पाहिलं. डोळे चोळून पुन्हा पाहिलं.

दोनशे पंचाहत्तर.