दोघांनी सारखंच सरकायचं

वडूजच्या त्या अभ्यासिकेत 'शांतता राखा' असा फलक होता, आणि बरोबर खाली पिठाची गिरणी. गिरणी सुरू झाली की भावी तलाठी, भावी फौजदार आणि त्यांची पुस्तकं एकाच लयीत थरथरत. अशाच एका थरथरीत अंकिताचं खोडरबर घरंगळलं, आणि बाकाच्या दुसऱ्या टोकाला बसलेल्या रविराजच्या कोपराला टेकून थांबलं.

त्यानं ते उचलून दिलं. पण देता देता तो तिच्या वहीत डोकावला.

"साडेचार लिटर दूध, पाऊण लिटरची एक बाटली. बाटल्या किती… शून्य पॉइंट शून्य सहा?" तो गंभीरपणे म्हणाला, "घरी म्हस हाय?"

"हाय. का?"

"तिला हे उत्तर सांगू नका. आटंल."

अंकिताला हसू आलं, आणि हसू आलं म्हणून राग आला.

"मैदानात मी पोरांच्या पुढं पळते," ती फणकारली. "पण हा ठिपका दिसला की पाय लटपटतात. मागची पोलीस भरती ह्याच्यापायीच हुकली."

"पाऊणमधला ठिपका तुमी दोन घरं सरकवला, साडेचारातला जागेवरच ठिवला. एकट्यानं सरकून भागत न्हाई. दोघांनी सारखंच सरकायचं. आता चारशे पन्नास भागिले पंच्याहत्तर."

"सहा…" ती पुटपुटली. म्हशीची अब्रू वाचली.

मग ते रोजचंच झालं. अंकिताला भागाकाराशिवाय काही दिसेना. आईनं, बनुबाईंनी, अडीच किलो शेंगदाणे निवडायला दिले, तरी ही पाव-पाव किलोच्या दहा पुड्या मनात बांधून मोकळी. रविराज लिटर, मीटर, किलो सगळ्यांवर बोलायचा. स्वतःवर आला की गप्प. दोन परीक्षा थोडक्यात गेल्या होत्या त्याच्या. नजर मात्र बोलायची… आणि पकडली गेली की लगेच पुस्तकात लपायची.

एका मंगळवारी ती उशिरा आली. वही उघडलीच नाही.

"आज मी गणित घालते," ती खिडकीबाहेर बघत म्हणाली. "एका बाकावर दोघं बसलीत. मधी शून्य पॉइंट नऊ मीटर अंतर. त्यातलं एकच रोज शून्य पॉइंट पंधरा मीटर सरकतंय. भेटायला किती दिवस?"

"सहा."

"आज मंगळवार. सांगलीचे पाहुणे मला बघायला रविवारी यायचेत. आबांना स्थळ लय आवडलंय."

नेमकी तेव्हाच खालची गिरणी बंद पडली. इतकी शांतता त्या फलकालाही सोसली नसती.

"दोघंबी सरकली तर?" त्यानं हळूच विचारलं.

"तुमीच शिकवलंय की. करा."

"तीन…" तो थांबला. "पण मला नोकरी न्हाई, अंकिता. तुमच्या आबांना काय सांगू?"

"उत्तर न्हाई आलं म्हणून कागद कोरा ठिवतात व्हय? मांडणीलाबी मार्क असतात."

शुक्रवारी रविराज तिच्या दारात हजर. तिचे आबा, सुभेदार लालासाहेब, फौजेतून निवृत्त झाले होते. पण मिशा अजून ड्युटीवर होत्या. ते बाजेच्या एका टोकाला बसले, रविराज दुसऱ्या टोकाला, निम्मा हवेत. स्वयंपाकघराच्या दाराआड अंकिता कान लावून उभी.

रविराजनं आडपडदा न ठेवता सगळं सांगितलं. तीन वाक्यांत. तिसऱ्या वाक्यात घाम फुटला.

"नोकरी?" सुभेदारांनी विचारलं.

"न्हाई अजून. गणित पक्कं हाय."

"गणितावर भाकरी भाजत न्हाई."

"न्हाईच भाजत. पण हाय ती भाकरी दोघांत सारखी वाटता येती, आबा."

सुभेदारांनी गोठ्यातल्या म्हशीकडं नजर टाकली. मग दाराकडं न बघताच म्हणाले, "दाराआड उभं राहून पाय दुखतील. पोरी, तुझं काय?"

"मांडणी बरोबर हाय, आबा," आतून आवाज आला.

"हं." मिशीवरून एकदा हात फिरला, आणि आत बनुबाईंना हाक गेली. "आवं, ऐकलं का? सांगलीकरांना फोन लावा. रविवारी येऊ नका म्हणावं. आधी ह्या दोघांच्या परीक्षा होऊ द्या, मग बघू."

आणि रविराजकडं वळून खेकसले, "पडाल तिकडनं! सरका की जरा इकडं."

रविराज सरकला. आणि बाज करकरली तशी अंकितानं डोकावून पाहिलं… आबाही सरकले होते. तेवढेच.