हुंकार

तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. एरवी हा विषय मी काढत नाही.

पुस्तकं वाचून त्यांचं रेकॉर्डिंग करणं हा माझा पेशा. त्या दुपारी भयकथांच्या एका संग्रहाची प्रस्तावना वाचायची होती. भयकथा म्हणजे काय, माणूस ती का वाचतो, असलं सगळं. साधंच काम. घरी जायची घाई नव्हती. आई गेल्यापासून वाट बघणारं कुणी उरलं नव्हतं.

वाचायची खोली मोठ्या कपाटाएवढी. भिंतींना जाड फोम, हवेला कुबट वास. दार लागलं की बाहेरचं जग मिटतं आणि आपलाच श्वास कानात मोठा होत जातो. काचेपलीकडे रेकॉर्डिस्ट हेडफोन लावून बसलेला.

मी सुरुवात केली. "माणसाला एकटेपणाची भीती वाटते खरी. पण एकटंच असताना आपण एकटे नाही असं वाटणं, ही भीती निराळी. भयकथा तिथून सुरू होते..."

त्यानं हात वर केला. "ताई, मध्येच 'हं' नका म्हणू."

"मी कुठे म्हटलं?"

"बरं, परत घेऊ या."

परत वाचलं. त्यानं परत थांबवलं. चेहरा उतरला होता त्याचा. त्यानं रेकॉर्डिंग माझ्या हेडफोनमध्ये लावलं. माझं वाक्य... थोडी शांतता... आणि अगदी कानाशी, गोष्ट ऐकताना देतात तसा हुंकार.

"हं."

बाईचा आवाज. दमलेला. आईचा नव्हता, तो मी ओळखला असता.

"ताई... बाहेर या," रेकॉर्डिस्ट म्हणाला.

अंगावर सर्रकन काटा आला. पण खरं सांगू? मी उठले नाही. किती वर्षांत माझं बोलणं इतकं मन लावून कुणी ऐकलं नव्हतं. मी प्रस्तावना शेवटपर्यंत वाचली. वाक्यावाक्याला हुंकार येत राहिला, आता मलाही ऐकू येत होता. रेकॉर्डिस्ट केव्हाच उठून गेला होता.

संध्याकाळी कुलूप काढून घरात शिरले आणि धीर करून म्हटलं, "आले गं."

काहीच नाही. लाज वाटते सांगायला, पण मन खट्टू झालं. दिवा न लावताच कॉटवर आडवी झाले.

मग आतल्या खोलीतून आलं... "हं."

जरा वेळानं पुन्हा. "हं."

मी तोंडावर हात घट्ट दाबून धरला. मी गप्प होते हो. तिला गोष्ट दुसरंच कुणीतरी सांगत होतं.